सात महिने वापरल्यानंतर: फिलोस्ट्रेटसची ‘सोफिस्टांची चरित्रं’, लोब आवृत्ती

पहिली प्रत आली ती पावसात भिजून, पानं एकमेकांना चिकटलेली. परत केली, दुसरी यायला तीन आठवडे लागले. तेव्हापासून हे पुस्तक माझ्या पर्समध्येच असतं. हिरवा पुठ्ठा, आटोपशीर आकार, लोब मालिकेच्या पद्धतीप्रमाणे डाव्या पानावर मूळ ग्रीक, उजव्यावर इंग्रजी अनुवाद. ग्रीक मला येत नाही, म्हणजे अर्धंच पुस्तक वाचते, तरी पैसे वसूल झाले.

मी वक्तृत्व स्पर्धांसाठी मुलांची तयारी करून घेते. सोफिस्ट म्हणजे रोमन अमलातले हे ग्रीक वक्ते, आमच्याच बिरादरीतले; फिलोस्ट्रेटस या प्राचीन ग्रीक लेखकाने त्यांची चरित्रं लिहिली. श्रोत्यांनी विषय द्यायचा आणि वक्त्याने तिथल्या तिथे उभं राहायचं. विषय मात्र पाच-सहाशे वर्षांपूर्वीचे, ग्रीक आणि इराणी यांच्यातल्या मॅरेथॉनच्या लढाईच्या काळातले.

सगळ्यात जास्त वाचलं ते पोलेमोनचं चरित्र. स्मिर्ना शहरातला हा वक्ता विषय मिळाला की क्षणभर बाजूला जाई. मुद्दा रंगला की खुर्चीतून उसळून उठे, आणि लांबलचक वाक्याचा शेवट हसत करी, जणू काही श्रमच पडले नाहीत. हेरोदेस अत्तिकस या श्रीमंत वक्त्याने त्याला तीन दिवस ऐकलं आणि दीड लाख द्राख्मे (ग्रीक नाणी) पाठवले. पोलेमोनने ते घेतले नाहीत, अडीच लाख झाल्यावरच घेतले! हसण्याची ती युक्ती मी आठवीतल्या एका मुलीला करायला लावली. तिचं वाक्य नेहमी शेवटच्या चार शब्दांत दमायचं. आता नाही दमत.

पाठांतरवाल्या मुलांना मात्र याच पुस्तकातला दुसरा वक्ता, अरिस्तायडीस, जवळचा वाटतो. रोमन सम्राट मार्कस ऑरेलियसने भाषण ऐकायचंय म्हटल्यावर त्याने सांगितलं, विषय आज द्या, ऐकायला उद्या या. पुढे स्मिर्ना भूकंपात कोसळलं, तेव्हा याच माणसाच्या पत्रातल्या एका ओळीवर सम्राटाच्या डोळ्यांत पाणी आलं आणि शहर पुन्हा उभारायला त्याने होकार दिला.

उणिवा आहेतच. माझ्या प्रतीतल्या अनुवादाचं इंग्रजी शंभर वर्षांपूर्वीचं, वाक्यं जड. भाषणांचे तुकडेच मिळतात, अख्खं भाषण नाही. एपिक्टेटससारख्या तत्त्वज्ञांची शिकवण हवी असेल त्याने हे घेऊ नये.

याच पुस्तकाच्या उत्तरार्धात युनापिअस या दुसऱ्या ग्रीक लेखकाने लिहिलेली चौथ्या शतकातल्या तत्त्वज्ञांची चरित्रं आहेत. चमत्कार फार, म्हणून मी दोनदा अर्ध्यावर सोडली. तिसऱ्यांदा सोसिपात्रा भेटली. पर्गमम शहरात ती घरीच तत्त्वज्ञान शिकवायची, आणि तिथल्याच एडेसिअस या तत्त्वज्ञाचं व्याख्यान संपलं की त्याचे विद्यार्थी तिला ऐकायला जायचे. ते पान दुमडून ठेवलंय. पुढच्या तुकडीत मुलीच जास्त आहेत, त्यांना पहिल्याच दिवशी ते वाचून दाखवणार आहे.