लिंपा की कावरिंग?

घरी स्वीडिश राय ब्रेड (राय म्हणजे गव्हासारखं एक धान्य) करायचा ठरवला की निवड शेवटी या दोघांतच येऊन थांबते. क्नेकेब्रोड, म्हणजे पातळ कुरकुरीत राय ब्रेड, दुकानात इतकं चांगलं मिळतं की ते घरी लाटत बसावं असं मला तरी वाटत नाही.

लिंपा सोपा आहे, यात वाद नाही. अर्धा लिटर कोमट दूध, ताज्या यीस्टची ५० ग्रॅमची वडी, तयार मिळणारं गहू-राय मिश्र पीठ, गडद सिरप, बडीशेप आणि कडू संत्र्याची वाळवलेली साल. दुपारी पीठ भिजवलं तर रात्रीच्या जेवणाला ब्रेड ताटात असतो. भाजताना घरभर पसरणाऱ्या वासात कावरिंग त्याच्या जवळपासही येत नाही. पाहुणे येणार असतील किंवा मुलांना आवडावं असं वाटत असेल, तर पुढचं वाचलं नाही तरी चालेल.

माझी अडचण तिसऱ्या दिवशी सुरू होते. इथे स्वीडनमध्ये सकाळचा नाश्ता म्हणजे स्म्योरगोस, एका कापावर लोणी आणि वर चीज. लोणी फ्रिजमधून काढलेलं, घट्ट. पहिल्या दिवशीचा लिंपा ते आनंदाने झेलतो. तिसऱ्या दिवशी सुरी फिरवली की काप मधोमध फाटतो आणि ताटलीत चुरा पडतो. टोस्ट केला तर निभावतं, पण मग संत्र्याच्या सालीचा तो नाजूक स्वाद करपटपणात हरवतो. इथले लोक कापून सरळ फ्रीझरमध्ये टाकतात, तोही मार्ग आहे. पण आम्ही घरात दोघंच, एक लोफ आठवडाभर पुरतो, आणि घरी केलेला ब्रेड रोज सकाळी बर्फातून काढायचा हे मला काही पटलं नाही.

कावरिंग दक्षिणेकडचा, स्कोने प्रांतातला. तांबूस-काळा, घट्ट, किंचित आंबटगोड. बेकिंग सोडा आणि फिलम्योल्क (दह्यासारखं आंबवलेलं दूध) घालून झटपट करायच्याही पाककृती आहेत, पण मी स्टार्टर, म्हणजे विरजणासारखं जपून ठेवलेलं आंबवलेलं पीठ, घालून करतो. आदल्या रात्री रायच्या थोड्या पिठावर उकळतं पाणी ओतून ते झाकून ठेवायचं, तांदळाच्या भाकरीसाठी आपण उकड काढतो तसंच. शिजलेला स्टार्च पाणी धरून ठेवतो, म्हणून ब्रेड दिवसेंदिवस ओलसर राहतो. स्टार्टर नुसत्या चवीसाठी नसतो. रायच्या पिठातलं अमायलेज हे एन्झाइम भाजतानाही स्टार्च तोडत राहतं आणि आतला गर चिकट होतो, त्याला आंबटपणाच आवर घालतो. मळणं जवळजवळ नाहीच. रायमध्ये गव्हासारखं ग्लुटेनचं जाळं बनत नाही, त्यामुळे डावाने ढवळायचं आणि साच्यात ओतायचं.

त्रास आहे तो वाट पाहण्याचा. रात्रीची उकड, दुसऱ्या दिवशी फुगवणं, मंद आचेवर दीड तासाच्या आसपास भाजणं, आणि त्यानंतर निदान एक दिवस फडक्यात गुंडाळून ठेवणं. आधी कापला तर सुरीला गर चिकटतो. शिवाय स्टार्टर सांभाळावा लागतो, आणि ज्यांना वरचेवर गावाला जावं लागतं त्यांना ते झेपेलच असं नाही.

पण पाचव्या-सहाव्या दिवशीही कावरिंगचा काप पातळ निघतो, लोणी झेलतो, आणि चव उलट मुरलेली लागते. मुरवलेल्या हेरिंग माशाबरोबर तर दुसरा ब्रेड मला सुचत नाही. तुमच्या घरी चार-पाच खाणारे असतील आणि लोफ दोन दिवसांत संपत असेल, तर माझी तक्रार तुम्हाला लागू होणार नाही. नाताळात मॉल्टचा अर्क घातलेला वर्टलिंपा मीही करतो, कारण तेव्हा तो उरतच नाही.

पुण्या-नाशिककडे करून बघणार असाल तर सिरपऐवजी काकवी चालते. कावरिंगच्या आंबटपणाशी तिचं छान जमतं, लिंपात मात्र ती बडीशेपेवर चढते असं मला वाटतं.