ट्राम दाखवायची तर मुंबई की कोलकाता?

आमच्या सोसायटीतले काका पंचाहत्तरी ओलांडलेले, मूळचे दादरचे. लहानपणी चालत्या ट्राममधून उडी मारताना गुडघा फोडून घेतला होता, ती खूण अजून दाखवतात. नातू म्हणतो, ट्राम म्हणजे आपली मेट्रोच ना? तेव्हापासून काकांनी मनावर घेतलंय, पोराला एकदा ट्राम दाखवायचीच. "मुंबईला नेऊ, की सरळ कोलकात्याला? तू सांग." पुण्यात ट्राम कधी आलीच नाही, तेव्हा गाव सोडणं आलंच.

मद्रास यादीत नाही. देशातली पहिली विजेची ट्राम तिथे १८९५ मध्ये धावली हे खरं, पण १९५३ मध्ये ती बंद पडली. नाशकातही ट्राम होती, शहरातून नाशिक रोड स्टेशनपर्यंत. पण ती घोड्यांनी ओढायची.

मुंबईची सोय अशी, की सकाळी सव्वासातची डेक्कन क्वीन धरा, रात्री घरी जेवायला. पण तिथे ट्राम नाही, ट्रामच्या खुणा आहेत. १८७४ मध्ये घोड्यांची ट्राम कुलाब्याहून पायधुणीपर्यंत सुरू झाली. कंपनीच्या तबेल्यात नऊशे घोडे होते म्हणतात. १९०७ च्या मे महिन्यात वीज आली, १९२० मध्ये डबलडेकर ट्राम आली आणि ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला शेवटची गाडी गेली. 'आणिक' नावाच्या बस डेपोत बेस्टचं संग्रहालय आहे. जुनी तिकिटं, ट्रामच्या छोट्या प्रतिकृती वगैरे. फ्लोरा फाउंटनच्या दुरुस्तीत २०१७ मध्ये जमिनीखालून जुने रूळ निघाले, ते तिथेच मांडून ठेवलेत. मला विचाराल तर मुंबईतली सगळ्यात मोठी खूण आपण पुणेकर वर्षानुवर्षं तोंडाने वापरतोय. "दादर टीटीला उतरवा हो!" हा टीटी म्हणजे ट्राम टर्मिनस. ट्राम जाऊन साठ वर्षं झाली, नाव अजून तिचंच. काकांना हे अर्थातच माहीत होतं. मला मात्र चाळिशीत कळलं.

नातवाला हे पुरेल का? मला शंका आहे. काचेमागची गाडी मुलं दोन मिनिटं बघतात, मग भूक लागते.

ट्राम कळते ती चालताना. तिच्या टपावर एक लांब दांडा असतो, टोकाला खाच असलेली लहानशी कप्पी. स्प्रिंगच्या जोरावर ती कप्पी वरच्या तारेला खालून टेकून राहते. वीज तारेतून येते, मोटर फिरवते आणि रुळांतून परत जाते. कप्पी तारेवरून घसरली की ठिणग्या उडतात, गाडी जागच्या जागी गप्प. मग कोणीतरी खाली उतरून दांड्याला बांधलेली दोरी ओढतो आणि मान वर करून, सुईत दोरा ओवावा तशी कप्पी पुन्हा तारेला लावतो. मेट्रोच्या दारांच्या 'टिंग'मध्ये ही गंमत नाही.

आणि हे बघायला आपल्याकडे एकच गाव उरलंय. कोलकात्यात १८७३ मध्ये घोड्यांची ट्राम आली, ती काही महिन्यांतच गुंडाळली. मग १८८० पासून पुन्हा, आणि १९०२ मध्ये एस्प्लनेड ते खिदिरपूर विजेवर. तिथल्या माणसांचा ट्रामवर जीवही तेवढाच. १९५३ मध्ये दुसऱ्या वर्गाचं भाडं एका पैशाने वाढलं तर शहर पेटलं होतं. त्या काळी पुढच्या डब्यात पंखे, मागच्या स्वस्त डब्यात नाहीत. एकाच गाडीत दोन हवामानं!

आता अडचणी. आझाद हिंद एक्सप्रेसने हावडा गाठायला दोन रात्री आणि मधला एक अख्खा दिवस. ट्रामची पायरी उंच आहे, आणि काकांचा तोच गुडघा. शिवाय २०२४ च्या सप्टेंबरमध्ये तिथल्या सरकारने एस्प्लनेड ते मैदान एवढाच वारसा मार्ग ठेवून बाकी ट्राम बंद करायचं जाहीर केलं. म्हणजे जे वाचवायचं म्हणतात, तो १९०२ च्याच वाटेचा एक तुकडा. तेव्हा तिकीट काढण्याआधी गाडी चालू आहे ना, हे तिथल्या कोणाला तरी फोन करून विचारा. बंद असेल तर एस्प्लनेडला 'स्मरणिका' हे ट्रामच्याच डब्यातलं छोटं संग्रहालय आहे; पण नुसत्या तेवढ्यासाठी दोन हजार किलोमीटर जाऊ नये, त्यापेक्षा आणिक डेपो बरा.

माझं मत असं. काकांना स्वतःच्या आठवणी जागवायच्या असतील तर मुंबई, तीही नातवाला सोबत घेऊन फ्लोरा फाउंटनपासून बोरीबंदरपर्यंत पायी. नातवाला ट्राम दाखवायची असेल तर कोलकाता, आणि तेही याच थंडीत. उन्हाळ्यात त्या लाकडी बाकावर घामाने पाठ चिकटते आणि मग आठवण राहते ती फक्त घामाची.

दोन्ही करायचं असेल तर आधी मुंबई. रूळ बघितलेल्या मुलाला चालती गाडी जास्त कळेल. काकांनी ऐकून घेतलं, चष्मा पुसला आणि म्हणाले, "आझाद हिंदला खालचे दोन बर्थ मिळतात का बघ."