फुकटच्या ड्रायव्हरपायी गेलेले २५,३९८ रुपये ८२ पैसे

३१ वर्षे इतरांचे हिशेब तपासलेल्या माणसाने हे लिहावे याची लाज वाटते, तरी लिहितो. घरचा जुना संगणक विंडोज ७ वरून विंडोज १० वर नेला आणि एचपी लेझरजेट १०२० प्रिंटर छापेनासा झाला. सोसायटीच्या देखभालीच्या पावत्या त्याच संध्याकाळी द्यायच्या होत्या. घाईत इंटरनेटवर त्याचा ड्रायव्हर, म्हणजे संगणकाला प्रिंटर चालवता यावा यासाठीचे सॉफ्टवेअर, शोधला आणि सर्वांत वर आलेली लिंक उघडली. ती जाहिरात होती, पण ते इतक्या बारीक अक्षरांत होते की कोणाच्याही नजरेतून निसटावे.

उतरवलेल्या फाइलने 'स्कॅन' केले आणि लाल अक्षरांत सांगितले : २३ ड्रायव्हर कालबाह्य, प्रिंटर जोडलेला, ड्रायव्हर दूषित. प्रिंटरची यूएसबी केबल तेव्हा माझ्या मांडीवर होती. टोक पुसायला मीच ती काढली होती. शिवाय जो ड्रायव्हर संगणकात नाही म्हणून मी शोधत होतो, तो दूषित कसा निघेल? हे दिसत असूनही मी पडद्यावरचा नंबर फिरवला.

पलीकडच्या माणसाने अदबशीर हिंदीत बोलत एक अॅप टाकायला लावून संगणकाचा ताबा घेतला आणि इव्हेंट व्ह्यूअरमधल्या, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या नोंदवहीतल्या, लाल खुणा दाखवल्या. तसल्या खुणा धडधाकट संगणकातही असतात. 'आजीवन परवाना' ४,९९९ रुपये आणि १८ टक्के जीएसटी ८९९ रुपये ८२ पैसे. पैशांपर्यंतचा तो कर पाहूनच माझा विश्वास बसला. पावतीवर जीएसटी क्रमांकच नव्हता. नोकरीत अशा पावत्यांवर शेरा मारून मी त्या परत पाठवत असे. पुढे 'नोंदणी'साठी नेट बँकिंग उघडायला लावले, पडदा काळा झाला, ओटीपी आला, मी तो वाचून दाखवला आणि १९,५०० रुपये गेले.

१९३० हा सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा क्रमांक चौथ्या प्रयत्नात लागला. तक्रार क्रमांक मिळाला, तेवढेच. बँकेने 'ओटीपी तुम्हीच दिलात' या एका वाक्यात मला वाटेला लावले. पोलीस ठाण्याने सायबर शाखेकडे धाडले, शाखेने 'आधी ठाण्यात अर्ज द्या' म्हणून परत पाठवले आणि तिथल्या हवालदाराने, एवढा जुना प्रिंटर ठेवलात कशाला, असे मलाच विचारले. गुन्हेगार मी आहे की काय?

ड्रायव्हरसाठी कोणी पैसे मागितले, की ते पान तिथेच बंद करा. शेजारच्या मुलीने विंडोजच्या डिव्हाइस मॅनेजरमध्ये प्रिंटरचा हार्डवेअर आयडी, म्हणजे त्याचा ओळख क्रमांक, पाहिला (त्यातला व्हीआयडी हा कंपनीचा क्रमांक; ०३एफ० म्हणजे एचपी), तो मायक्रोसॉफ्ट अपडेट कॅटलॉग या मायक्रोसॉफ्टच्याच संकेतस्थळावर शोधला आणि दहा मिनिटांत पावत्या छापून दिल्या. फुकट. संगणकाचा ताबा देणारे अॅप अनोळखी माणसाच्या सांगण्यावरून टाकू नका. टाकले असेल तर आधी इंटरनेटची वायर उपटा, पासवर्ड दुसऱ्या यंत्रावरून बदला.

गेल्या आठवड्यात 'तुमची बुडालेली रक्कम मिळवून देतो, फक्त १,१८० रुपये शुल्क' असा फोन आला. या वेळी मी जीएसटी क्रमांक विचारला. त्याने फोन ठेवला.