परिपाठाच्या दिनविशेषासाठी मराठी विकिपीडिया: कितपत भरवशाचा?

रोज सकाळी फळ्यावर दिनविशेष लिहायचा असेल, तर फुकटात मिळणाऱ्या साधनांत मराठी विकिपीडियाची तारखांची पाने सगळ्यांत भरगच्च आहेत. २९ फेब्रुवारी धरून ३६६ पाने, आणि सगळ्यांची मांडणी साधारण एकच: ठळक घटना आणि घडामोडी, जन्म, मृत्यू, शेवटी प्रतिवार्षिक पालन. चित्रे फारशी नसल्याने रेंज यथातथा असली तरी पान उघडते. जाहिराती नाहीत. व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या तयार दिनविशेषापेक्षा हे कधीही बरे, कारण इथे नावावर टिचकी मारली की त्या माणसाचा लेख उघडतो आणि पडताळा घेता येतो.

भरणा मात्र विषम आहे. जन्माच्या यादीत परदेशी क्रिकेटपटूंची रांग लागलेली असते, ज्यांची नावे आठवीच्या मुलांनाच काय, क्रीडाशिक्षकांनाही ठाऊक नसतील. युरोपातले राजे आणि पोपही बरेच. तेव्हा पान वरपासून खालपर्यंत उतरवून काढू नये. तीन नोंदी पुरतात, आणि त्या एकमेकींशेजारी ठेवून काहीतरी सांगणाऱ्या असाव्यात. १४ एप्रिलला बाबासाहेबांचा जन्म (१८९१) सगळेच लिहितात. त्याच तारखेला १९४४ साली मुंबई गोदीत ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजाचा स्फोट झाला. स्फोटके आणि कापसाच्या गासड्या एकाच जहाजात भरलेल्या होत्या. देशभर अग्निशमन सेवा दिन याच तारखेला पाळतात तो त्या स्फोटात गेलेल्या जवानांसाठी. ही जोडी मुलांच्या लक्षात राहते. १ ऑगस्ट १९२० तर तारीख आणि साल दोन्ही एक: मध्यरात्रीनंतर मुंबईत टिळक गेले, आणि वाटेगावला अण्णाभाऊ साठे जन्मले.

खरी अडचण पानाच्या पहिल्याच वाक्यात आहे. हा ग्रेगरी दिनदर्शिकेनुसार (म्हणजे आजच्या इंग्रजी कॅलेंडरनुसार) वर्षातला अमुकावा दिवस, असे तिथे लिहिलेले असते. खालच्या सगळ्या नोंदी मात्र ग्रेगरी नसतात. इंग्रजांनी ही पद्धत सप्टेंबर १७५२ मध्ये घेतली. त्या वर्षी २ तारखेनंतर थेट १४ उजाडली. त्याआधीच्या शिवकालीन तारखा आपण जुन्या, म्हणजे ज्युलियन पद्धतीने लिहितो. पोर्तुगीजांनी १५८२ सालीच नवी पद्धत धरली होती. त्यामुळे सतराव्या शतकात सुरतेच्या इंग्रज वखारीचा कागद आणि गोव्याचा कागद यांत एकाच दिवसाच्या तारखा दहा दिवसांनी वेगळ्या पडतात.

हे तपासायची सोपी युक्ती म्हणजे वार. राज्याभिषेक ६ जून १६७४. फोनच्या कॅलेंडरमध्ये इतके मागे जाता आले, तर बहुधा बुधवार दिसेल. प्रत्यक्षात ती शनिवारची पहाट होती. फोन सरसकट ग्रेगरी पद्धतीने मोजतो, म्हणून हा घोळ. दहा दिवस मिळवून १६ जून १६७४ काढा, शनिवार येतो. जेधे शकावलीत (जेधे घराण्याकडच्या जुन्या तारीखवार नोंदींत) तीन घटका, म्हणजे सव्वा तासाच्या आसपास, रात्र उरली असताना, ज्येष्ठ शुद्ध १२, शुक्रवार अशी नोंद आहे, आणि तीही बरोबरच आहे: आपल्याकडे वार सूर्योदयाला बदलतो, मध्यरात्री नव्हे. म्हणजे १९ फेब्रुवारी किंवा ६ जून फळ्यावर लिहिण्यात काही चूक नाही. चूक होते ती ‘आज बरोबर इतकी वर्षे झाली’ असे म्हणताना.

१४ जानेवारीचे पान उघडाल तेव्हा आणखी एक सापळा आहे. पानिपत १४ जानेवारी १७६१, हे बरोबर. पण ‘ऐन संक्रांतीला’ असे कुणी जोडले तर खोडावे. संक्रांतीची इंग्रजी तारीख हळूहळू पुढे सरकते. विवेकानंद संक्रांतीला जन्मले तेव्हा १८६३ सालचा १२ जानेवारी होता. त्याआधी शंभर वर्षे मागे गेलात, तर संक्रांत १४ तारखेच्या तीन-चार दिवस आधीच उरकलेली असते. लढाईची तिथी पौष शुद्ध अष्टमी. याच तारखेची १९९४ ची नोंद, मराठवाडा विद्यापीठाचा नामविस्तार, मात्र नि:शंक लिहावी.

अलीकडच्या घटनांत घोळ घड्याळाचा असतो. चंद्रावर माणूस उतरल्याची तारीख सगळीकडे २० जुलै १९६९ असते. भारतात तेव्हा २१ जुलैचे पहाटेचे पावणेदोन वाजून गेले होते, आणि आर्मस्ट्राँगचे पाऊल पडले ते आपल्या सकाळी साडेआठच्या सुमारास. पर्ल हार्बर हवाईत ७ डिसेंबर, जपानात ८. अशा नोंदीपुढे कंसात ‘स्थानिक वेळ’ लिहिले की भागते.

वापरायची रीत अशी. आदल्या संध्याकाळी पान उघडा. तीन नोंदी निवडून त्यांचे स्वतंत्र लेख बघा. तारखेच्या पानावर संदर्भ क्वचितच दिलेले असतात, लेखात ते असण्याची शक्यता जास्त. दोन्हीकडे तारीख जुळत नसेल तर लेखाच्या तळाशी दिलेले पुस्तक प्रमाण माना, तेही नसेल तर नोंद सोडून द्या. शाहू महाराजांची जयंती याचा चांगला नमुना आहे: जुन्या पुस्तकांत २६ जुलै १८७४ सापडते, आज सर्वत्र धरतात ती २६ जून. २६ जुलै हा आरक्षणाच्या १९०२ च्या हुकुमाचा दिवस, त्यामुळे गोंधळ अधिकच पक्का होतो.

एखादी नोंद अचानक उगवल्यासारखी वाटली तर ‘इतिहास पहा’ उघडावे. ती कधी घातली गेली ते तिथे कळते. परवाच आलेली आणि संदर्भ नसलेली नोंद फळ्यावर नेऊ नये. चूक सापडली तर ‘संपादन’ दाबून दुरुस्त करावी आणि सारांशाच्या चौकटीत पुस्तकाचे नाव व पान लिहावे. नुसती तारीख बदललीत तर दुसरा कुणीतरी ती लगेच उलटवतो.