जॉन प्राइनचा पहिला अल्बम (१९७१): आठ महिने ऐकल्यानंतर

आधीच सांगून टाकतो, पहिल्या आठवड्यात मला या अमेरिकन गायक-गीतकाराचा हा अल्बम आवडला नव्हता. फेब्रुवारीत सेकंडहँड एलपी घेतली, ती पण कव्हर बघून. पेंढ्याच्या गठ्ठ्यांवर बसलेला एक पोरगा, म्हटलं चला, शेतकऱ्याचं पोर दिसतंय, अस्सल कंट्री, म्हणजे अमेरिकेतलं गावाकडचं संगीत, ऐकायला मिळेल. नंतर वाचलं तर हा गडी शिकागोला लागून असलेल्या मेवूडचा, नोकरीने पोस्टमन, आणि पेंढ्यावर आयुष्यात पहिल्यांदा बसला तो त्या फोटोसाठीच. फसलोच म्हणा ना.

त्यात आवाज. नाकातला, जरा खरखरीत, सूर फार लांबवत नाही. बायको म्हणाली हा गातोय का कुणाचं पत्र वाचून दाखवतोय. पोस्टमन आहे म्हटल्यावर आम्ही दोघंही हसलो आणि रेकॉर्ड महिनाभर कपाटात गेली.

परत काढली ती एप्रिलमध्ये, भांडी घासताना काहीतरी चालू असावं म्हणून. तिसरं गाणं 'हेलो इन देअर'. म्हातारा-म्हातारी, पोरं आपापल्या वाटेने पांगलेली, एक मुलगा कोरियाच्या युद्धात गेलेला, आणि घरात बोलण्यासारखं आता काही उरलेलं नाही. बस, एवढंच. कुठे रडारड नाही, व्हायोलिनचा पूर नाही. नळ बंद करून उभा राहिलो. हे लिहिणारा माणूस जेमतेम विशी ओलांडलेला होता, अल्बम निघाला तेव्हा चोवीस वर्षांचा. लहानपणी तो एका वृद्धाश्रमात पेपर टाकायचा म्हणे, आणि पुढची बरीचशी गाणी टपाल वाटता वाटता चालत चालत डोक्यात रचली. झेंड्याच्या स्टिकरवरचं जे गाणं आहे तेही तिथूनच आलं, 'रीडर्स डायजेस्ट'च्या अंकासोबत अमेरिकन झेंड्याचे स्टिकर घरोघरी याच्याच हाताने गेले आणि दुसऱ्या दिवशी बघतो तर जिकडे तिकडे ते चिकटलेले. व्हिएतनाम युद्ध चालू असताना असली देशभक्ती स्वर्गात चालत नाही हे हसत हसत सांगायला डेरिंग लागते. चाल मात्र अगदी जत्रेतली.

'सॅम स्टोन' मी आता कमी ऐकतो. युद्धावरून मेडल आणि मॉर्फिनची सवय दोन्ही घेऊन आलेला बाप, त्याच्या पोरांच्या नजरेतून. प्राइनलाही सैन्यात बोलावलं होतं, पण त्याला पश्चिम जर्मनीत गाड्या दुरुस्तीला ठेवलं, व्हिएतनामला गेले ते बाकीचे, आणि परत आले ते कसे आले हे त्याने बघितलं. यात येशूबद्दल एक ओळ आहे, कंट्री गायक जॉनी कॅशने हे गाणं गाताना ती बदलून घेतली. मागचा ऑर्गन चर्चसारखा वाजत राहतो, तो मला आधी जास्त वाटायचा, आता तो नसता तर ऐकवलंच नसतं असं वाटतं.

आता 'पॅराडाइज'. याच्यावर मी जरा जास्त लिहिणार आहे, इलाज नाही, मी चंद्रपूरकडचा आहे. केंटकीत म्यूलेनबर्ग काउंटीत ग्रीन नदीच्या काठी पॅराडाइज नावाचं गाव होतं, प्राइनच्या आईवडिलांकडची माणसं तिकडची. तिथे कोळशासाठी वरची जमीन सोलून काढली, शेजारी औष्णिक वीज केंद्र आलं, आणि १९६७ च्या सुमाराला उरलंसुरलं गावही पाडून टाकलं. गाण्यात पोरगा बापाला म्हणतो मला तिकडे घेऊन चला, आणि बाप म्हणतो उशीर झाला रे, कोळशाच्या गाडीतून गाव गेलं. माझं आजोळ ओपनकास्ट कोळसा खाणीत गेलंय. जिथे मामाचं वावर होतं तिथे आता ओबीचा, म्हणजे कोळशावरून काढून टाकलेल्या माती-दगडांचा, डोंगर आहे, त्यावर विलायती बाभळी उगवल्यात, दुपारी ब्लास्टिंग झालं की जवळच्या गावातल्या भिंती हलतात. मला हे गाणं समजून घ्यायला डिक्शनरी लागली नाही.

जूनमध्ये बाबा गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी पुण्याला आले होते. ही रेकॉर्ड लावलेली होती तर पलंगावरून विचारतात, "काय म्हणून राहिला बे हा बुवा?" मी सगळं सांगितलं, गाव, नदी, कोळसा, गाडी. जरा वेळ गप्प बसले आणि मग म्हणाले, "मोबदला भेटला का त्याईले?" आता गाण्यात ते काही म्हटलेलं नाही.

प्राइनने हे वडिलांसाठीच लिहिलं होतं. रेकॉर्डिंग ऐकवलं तेव्हा ते म्हणे शेजारच्या खोलीत जाऊन बसले, म्हणजे ज्यूकबॉक्सवर (नाणं टाकून गाणी वाजवायचं यंत्र) लागल्यासारखं ऐकू येईल. हे वाचल्यापासून मीही हे गाणं कधीकधी किचनमधूनच ऐकतो, खरंच छान वाटतं, करून बघा.

साउंडबद्दल. 'पॅराडाइज' सोडून बाकी गाणी मेम्फिसच्या अमेरिकन साउंड स्टुडिओत झाली, एल्विस प्रेस्लीच्या मागे वाजवलेली मंडळी, निर्माता आरिफ मार्डिन. हा बिचारा तोवर एकटा गिटार घेऊन शिकागोच्या छोट्या क्लबात गाणारा. दडपण ऐकू येतं. पहिल्या बाजूला दोन-तीन ठिकाणी बँड एकदम इस्त्री केलेला आणि हा चुरगळलेला. 'पॅराडाइज' तेवढं न्यूयॉर्कला झालं, भाऊ डेव्ह फिडलवर, मित्र स्टीव्ह गुडमन सोबतीला, आणि तिथे तो कसा घरात बसून गायल्यासारखा गातो बघा. अख्खा अल्बम असाच केला असता तर असं मला अजूनही वाटतं.

दुसरी बाजू हळूहळू चढते. 'एंजल फ्रॉम मॉन्टगोमरी' बहुतेकांना गायिका बॉनी रेटचं म्हणून माहीत असतं, तिने ते १९७४ मध्ये गायलं. बाईच्या तोंडचं गाणं पुरुषाने लिहिणं आपल्याला नवं नाही, शाहिरांनी लावण्यांत तेच केलं, पण इथे शृंगाराचा पत्ता नाही, स्वयंपाकघरात घोंगावणाऱ्या माश्या आहेत आणि कामावरून येऊन एक शब्द न बोलणारा नवरा आहे. 'फार फ्रॉम मी' मला उशिरा सापडलं, ऑगस्टमध्ये वगैरे. हॉटेल बंद करत असलेली मुलगी, बाहेर तिची वाट बघणारा तो, आणि संपलंय हे दोघांनाही माहीत.

नावडतं म्हणाल तर 'प्रिटी गुड' आणि शेवटचं 'फ्लॅशबॅक ब्लूज'. बॉब डिलनची सावली जास्त आहे, आठ महिन्यांत एकदाही मुद्दाम लावली नाहीत. 'सिक्स ओ'क्लॉक न्यूज' रात्री एकट्याने ऐकू नका, विषय फार काळा आहे. आणि ज्यांना कंट्री म्हणजे नाच, ट्रक आणि बिअर हवंय त्यांनी पैसे वाचवा. इंग्रजी गाण्याचे शब्द कधीच न ऐकणाऱ्यांनीही, कारण चाली साध्या आहेत, दोनतीन कॉर्डच्या, माल सगळा शब्दांत आहे.

माझ्या कॉपीत दुसऱ्या बाजूला एक चरा आहे, विकणाऱ्याने 'जवळपास नवी' म्हणून दिलेली, जाऊ दे. बरोबर 'डोनाल्ड अँड लिडिया'च्या मध्यावर सुई उडते, त्यामुळे ते गाणं फोनवरच ऐकतो.

गेल्या महिन्यात त्याचा १९७२ चा दुसरा अल्बमही मिळाला. दोनदा लावला, अजून काही पकडत नाही. बघू, दिवाळीपर्यंत कपाटात ठेवतो.