ऑइल कुठलं घालायचं, आणि डबा कुणाकडून घ्यायचा

कणकवलीत काय किंवा सावंतवाडीत काय, गॅरेजात ऑइल बदलायला उभं राहिलं की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "साधं घालू की सिंथेटिक?" आणि आपण खिशाचा अंदाज घेऊन उत्तर देतो. गेल्या महिन्यात भाच्याने जुनी बाइक घेतली, त्याचाही फोन याचसाठी होता. त्याला जे सांगितलं तेच इथे सविस्तर लिहितो.

माझ्या मते हा प्रश्न तिसऱ्या नंबरचा आहे. त्याआधी दोन गोष्टी बघायच्या. गाडीच्या पुस्तकात कुठली ग्रेड लिहिली आहे, आणि डबा कुणाच्या हातून येतो आहे. या दोन गोष्टी जमल्या तर साधं मिनरल ऑइलही इंजिन वर्षानुवर्षं सांभाळतं. या चुकल्या तर महागातलं सिंथेटिक घालूनही इंजिनाचं काम निघतं. माझं निघालं आहे, ते पुढे सांगतो.

आधी आकडे

डब्यावर १०डब्ल्यू-३०, २०डब्ल्यू-५०, ५डब्ल्यू-३० असं लिहिलेलं असतं, तीच ग्रेड. यातला डब्ल्यू म्हणजे विंटर. पहिला आकडा थंड इंजिनात ऑइल किती सहज वाहतं ते सांगतो. दुसरा आकडा इंजिन तापल्यावर, म्हणजे १०० अंश सेल्सिअसला, त्याचा दाटपणा किती उरतो ते सांगतो. "कोकणात थंडी कुठे पडते, २०डब्ल्यूच घाला" हे वाक्य प्रत्येकाने ऐकलेलं असेल. थंडी पडत नाही हे खरं, पण नव्या इंजिनांतल्या ऑइलच्या वाटा आणि बेअरिंगमधल्या फटी पातळ ऑइल धरूनच बनवलेल्या असतात. ०डब्ल्यू-२० सांगितलेल्या कारमध्ये २०डब्ल्यू-५० ओतलं तर सकाळी पहिल्या स्टार्टला ऑइल वर हेडपर्यंत, म्हणजे इंजिनाच्या माथ्यापर्यंत, पोचायला उशीर होतो, आणि इंजिनाची जास्त झीज त्याच वेळी होते. मायलेज पडतं ते वेगळंच. उलट बाजूने, २०डब्ल्यू-५० सांगितलेल्या जुन्या बाइकमध्ये १०डब्ल्यू-३० घातलं तर घाटात तापल्यावर ते फार पातळ पडतं, टॅपेट, म्हणजे झडपा हलवणारे भाग, वाजायला लागतात आणि इंजिन ऑइल खातं. दाट म्हणजे भारी आणि पातळ म्हणजे हलकं, हा समज सोडून द्यायला हवा.

दुसरी गोष्ट एपीआयची अक्षरं. एपीआय ही ऑइलचा दर्जा ठरवणारी अमेरिकन संस्था. पेट्रोलला एसएल, एसएन, एसपी अशी चढती श्रेणी आहे. एसपी २०२० साली आली. एसएन सांगितलेल्या कारला एसपी चालतं, पण एसपी सांगितलेल्या कारला एसएन घालू नये. डिझेलची अक्षरं सी पासून सुरू होतात, सीआय-४, सीके-४ अशी.

स्कूटर आणि बाइक: एका चुकीची किंमत दुसरीपेक्षा जास्त

बाइकचा क्लच इंजिन ऑइलमध्येच बुडालेला असतो. गिअरबॉक्सही त्याच ऑइलवर चालतो. म्हणून बाइकच्या डब्यावर जासो एमए किंवा एमए२ लिहिलेलं हवं. जासो हे जपानी मानक, आणि एमए म्हणजे ऑइलात बुडालेल्या क्लचला चालणारं. गिअर नसलेल्या स्कूटरचा क्लच कोरडा असतो, तो ऑइलला शिवतही नाही. तिथे कमी घर्षणाचं एमबी ऑइल देतात आणि त्याने मायलेजला थोडी मदत होते. आता चूक झाली तर काय होतं ते बघा. स्कूटरमध्ये एमए२ गेलं तर मायलेज किंचित कमी होईल, बाकी बिघडणार नाही. बाइकमध्ये एमबी गेलं तर क्लच घसरायला लागतो. इंजिन ओरडतं, गाडी पुढे जात नाही. फोंडा घाटाच्या वळणावर मागे दोन माणसांचं वजन असताना हे झालं की कळतं. कारचं ५डब्ल्यू-३० उरलंय म्हणून बाइकमध्ये ओतणारे पुष्कळ आहेत. कारच्या ऑइलमध्येही क्लचला नको असलेली घसरण आणणारी द्रव्यं असू शकतात, त्यामुळे ते टाळाच.

घरात स्कूटर आणि बाइक दोन्ही असतील आणि एकच डबा आणायचा असेल, तर ग्रेडचे आकडे दोन्हीला जुळतात का बघून एमए२ आणा. आणि स्कूटरच्या मागच्या चाकाशी वेगळं गिअर ऑइल असतं, ते बदलायची आठवण करून द्या. ते जेमतेम पेलाभर असतं, म्हणून सगळेच विसरतात.

मिनरल, सेमी, सिंथेटिक

मिनरल म्हणजे कच्चं तेल शुद्ध करून बनवलेलं साधं ऑइल, सिंथेटिक म्हणजे रासायनिक प्रक्रियेने घडवलेलं, आणि सेमी म्हणजे दोन्हींचं मिश्रण. इथे मी तीन गाड्या डोळ्यांसमोर ठेवतो.

पहिली, वाडीतून शाळेत जाणाऱ्या बाईंची स्कूटर. जायला तीन किलोमीटर, यायला तीन. इंजिन पुरतं तापायच्या आधीच बंद होतं. आपल्याकडे पावसाळ्यात तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, हवा चार महिने ओली. अशा छोट्या फेऱ्यांत इंजिनात ओल धरते, न जळलेलं पेट्रोल ऑइलमध्ये उतरतं. झाकण उघडलं तर आतल्या बाजूला दुधाच्या सायीसारखा पांढरट थर दिसतो. ही ओल सिंथेटिकमध्येही येते आणि मिनरलमध्येही येते. अशा गाडीला पुस्तकातल्या ग्रेडचं मिनरल घाला आणि किलोमीटर भरले नाहीत तरी वर्षातून दोनदा बदला. एकदा दसऱ्याला, गाडीची पूजा करण्याआधी, आणि एकदा पावसाच्या तोंडावर. सिंथेटिकची किंमत मिनरलच्या दुपटीच्या आसपास किंवा वरच जाते. ते महागाचं म्हणून दीड वर्ष तसंच ठेवण्यापेक्षा हे कितीतरी बरं.

दुसरी, देवगडहून एप्रिल-मेमध्ये हापूसच्या पेट्या भरून करूळ घाट चढणारी पिकअप. भरलेलं वजन, टर्बो (इंजिनात जास्त हवा ढकलणारा पंखा), सलग चढ आणि वरून ऊन. टर्बोचा दांडा केवळ ऑइलच्या थरावर फिरतो, आणि घाट चढून लगेच चहाला इंजिन बंद केलं की तिथलं ऑइल जागीच करपतं. इथे चांगल्या सिंथेटिकचे पैसे वसूल होतात, कारण ते उष्णतेत लवकर सडत नाही. पण त्याहून महत्त्वाचं म्हणजे गाडी १ एप्रिल २०२० नंतरची, बीएस-६ (धुराच्या प्रदूषणाचे नवे नियम पाळणारी) असेल तर धुराच्या वाटेवर बहुतेक वेळा डीपीएफ, म्हणजे काजळी अडवणारी चाळण असते. अडकलेली काजळी गाडी स्वतः जाळून टाकते. पण ऑइलमधल्या धातूच्या द्रव्यांची राख जळत नाही, ती चाळणीतच साठते. म्हणून अशा गाडीला कमी राखेचं ऑइल लागतं. पुस्तकात सीके-४ किंवा एसीईए सी३ (एसीईए हे युरोपातलं मानक) असं जे लिहिलं असेल तेच. जुन्या टेम्पोचं सीआय-४ स्वस्त पडतं म्हणून यात घालू नका. वाचलेले पैसे चाळणीच्या एका दुरुस्तीतच जातील.

तिसरी, गणपतीला मुंबईहून चारशेहून जास्त किलोमीटर येणाऱ्या चाकरमान्याची पेट्रोल कार. हिला कंपनीने सांगितलेलं सिंथेटिक, दहा हजार किलोमीटर किंवा एक वर्ष, जे आधी होईल ते. यात फार विचार करण्यासारखं काही नाही.

सेमी-सिंथेटिक मी रोज पन्नास-साठ किलोमीटर फिरणाऱ्या बाइकला सुचवतो. भाच्यालाही तेच सांगितलं.

होडीवाल्यांसाठी एकच गोष्ट. टू-स्ट्रोक आउटबोर्डला, म्हणजे होडीच्या मागे बाहेरून लावलेल्या मशीनला, टीसी-डब्ल्यू३ (होडीच्या टू-स्ट्रोक मशीनचं मानक) लिहिलेलंच ऑइल घ्या. बाइकचं टू-टी, म्हणजे टू-स्ट्रोकचं ऑइल, स्वस्त असतं, पण समुद्राच्या पाण्याने थंड राहणाऱ्या मशीनमध्ये त्याची राख प्लगवर बसते, आणि किनाऱ्यापासून दूर मशीन बंद पडणं हे रस्त्यावर गाडी बंद पडण्यासारखं नसतं.

पडवीतले दोन डबे

तीन वर्षांपूर्वी चतुर्थीच्या आधी आठ दिवस माझ्या बाइकचं ऑइल बदललं. नाक्यावरच्या एका गॅरेजात, घाईत. मेकॅनिकने डबा आतून उघडूनच आणला, मी फोनवर बोलत होतो. आठशे किलोमीटरच्या आत इंजिनाच्या हेडमध्ये टिकटिक सुरू झाली. आमच्या जुन्या मेकॅनिककाकांकडे नेली. त्यांनी पट्टी बाहेर काढली, ऑइल अंगठा आणि बोटात चोळलं, वास घेतला आणि म्हणाले, "अरे, ह्या तेल नाय, पाणी आसा. खयसून घातलंस?" हेड उघडलं तर कॅमशाफ्टच्या, म्हणजे झडपा उघडणाऱ्या दांड्याच्या, उंचवट्यांवर नखाला लागतील असे ओरखडे. सव्वासहा हजारांचं काम झालं.

रिकामा डबा नशिबाने माझ्याकडे होता, डिकीत टाकून आणलेला. काकांनी तसाच खरा डबा आणून पडवीत शेजारी ठेवला. लेबल, छपाई, उठावाची अक्षरं, होलोग्राम, सगळं सारखं. बराच वेळ मला फरक सापडेना. मग त्यांनी मान दाखवली. खऱ्या डब्याचं झाकण फिरवलं की कट्‌ असा आवाज येऊन खालची कडी तुटते आणि मानेलाच राहते. माझ्या डब्याची कडी अखंड होती, झाकणाबरोबर सैल फिरत होती, आणि मानेवर पकडीचे बारीक व्रण होते. माल खरा आहे का ते तपासायला स्क्रॅच करायच्या कोडची पट्टी आधीच खरवडलेली. म्हणजे बाटली खरी होती. कुणीतरी एकदा वापरून भंगारात दिलेली, कुणीतरी परत भरलेली.

त्या दिवसापासून मी दोन प्रकार वेगळे धरतो. बाटलीच खोटी असेल तर छपाईत चूक सापडते, पुसट अक्षरं, वाकडं लेबल, स्पेलिंग, पत्ता अर्धवट. बाटली खरी आणि ऑइल खोटं असेल तर लेबल कितीही निरखून उपयोग नाही, फक्त मान, सील आणि कोड बघायचा. कोड कंपनीच्या स्वतःच्या ॲपवर किंवा वेबसाइटवर उघडतो का, आणि "हा कोड आधीच तपासलेला आहे" असं उत्तर येतं का, ते पाहा. शंका असेल तर दुकानदाराकडून त्याच ऑइलचे दोन डबे मागा. बॅच नंबर दोन्हीवर एकच असू शकतो. पण प्रत्येक डब्याला वेगळा कोड देणाऱ्या कंपनीचा कोड दोन डब्यांवर सारखा निघाला, तर तो माल तिथेच ठेवून या.

रंगावर मात्र जाऊ नका. लाल, हिरवा, सोनेरी, हे रंग वरून घालता येतात. वापरात ऑइल काळं होणं हेही खोटेपणाचं लक्षण नाही. इंजिनातली घाण ते स्वतःत धरून ठेवतं म्हणून काळं होतं, डिझेलमध्ये तर काही दिवसांतच. जळकं ऑइल गाळून, रंग देऊन भरलेलं असेल तर ते नव्यासारखंच चमकतं.

कुठून घ्यायचं

कंपनीचं सर्व्हिस सेंटर सगळ्यात महाग, पण ऑइल बिघडवून त्यांना परवडत नाही. वॉरंटीतल्या गाडीला तिथेच जावं. सरकारी तेल कंपन्यांच्या पंपावर त्यांच्याच नावाचं ऑइल मिळतं, सर्वो, मॅक, एचपी. भाव ठीक आणि माल थेट येतो. गावात राहणाऱ्याला मी पहिल्यांदा पंपच सुचवतो, फक्त हवी ती ग्रेड आहे का ते विचारून घ्या. स्पेअरपार्टचं दुकान अधिकृत विक्रेत्याचं असेल आणि पक्कं बिल देत असेल तर तेही तितकंच चांगलं. बिलावर बॅच नंबर लिहून मागा. जो लिहून देतो त्याच्याकडे पुन्हा जा.

ऑनलाइनवर नाव कंपनीचं असलं तरी विकणारा कोण ते खाली बारीक अक्षरात असतं, ते वाचल्याशिवाय घेऊ नका. छापील किमतीपेक्षा तीस-चाळीस टक्के कमी भाव दिसला की मी तरी थांबतो. पिंपातलं सुटं ऑइल नाक्यावरच्या गॅरेजात घेऊ नका, मेकॅनिक कितीही ओळखीचा असला तरी. तो फसवत असेलच असं नाही, त्यालाही कुणीतरी फसवलेलं असू शकतं. आपला डबा आपण नेणं आणि सील आपल्यासमोर तोडायला लावणं, यात मेकॅनिकचा अपमान नाही. चांगले मेकॅनिक उलट खूश होतात.

डब्यावर बनवणाऱ्याचं नाव-पत्ता, महिना-वर्ष, माप, एमआरपी आणि तक्रारीचा संपर्क असणं २०११ च्या पॅकबंद वस्तूंच्या नियमांनी बंधनकारक आहे. खोटा माल हाती लागला तर डबा आणि बिल जपून ठेवा, राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर कळवा आणि ज्या कंपनीचं नाव वापरलंय तिलाही. खोट्या ट्रेडमार्कचा माल विकणं १९९९ च्या कायद्यानुसार गुन्हा आहे, सहा महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. मी तेव्हा तक्रार केली नाही, बिलच घेतलं नव्हतं.

आणि रिकाम्या डब्याचं. जळकं ऑइल व्हाळात किंवा विहिरीजवळ ओतू नका, गॅरेजातल्या जमा करायच्या पिंपातच द्या. डबा मात्र भंगारवाल्याला अखंड देऊ नका. लेबलावरून एक आडवा काप आणि तळाला एक भोक, एवढं केलं की तो परत भरता येत नाही. भाच्याचं पहिलं ऑइल चेंज परवा आमच्याच अंगणात झालं. सील त्याने तोडलं, कडी मानेला राहिली ते दोघांनी बघितलं, आणि डबा निथळल्यावर मी पडवीतली कोयती त्याच्या हातात दिली.