पान चौथं, कलम नववं

वडिलांनी वाटपाचा दावा लावला तेव्हा मी कॉलेजात होते. ते गेले, वारस म्हणून आईची आणि माझी नावं लागली, आणि डोंबिवलीहून रत्नागिरी जिल्ह्यातल्या आमच्या तालुक्याला फेऱ्या सुरू झाल्या. रात्रीची गाडी, सकाळी कोर्ट, दुपारी पुढची तारीख. त्यामुळे चुलतभाऊ, आमचा दादा, म्हणाला, "काकी, गणपतीला येताय ना? बसून मिटवून टाकू," तेव्हा आईने देवाला नारळच ठेवला.

वाटणी दिसायला वाईट नव्हती. बागेतली निम्मी कलमं, घराची पूर्वेकडची बाजू, विहिरीचं पाणी दोघांनाही. तडजोडपत्र त्याच्या वकिलाने लिहिलं. आमच्या वकिलाने परिशिष्टातले चार गट नंबर बोटाने दाखवले, "हे तुमचे, हे त्यांचे," झालं. गौरी गेल्यावर दुसऱ्या दिवशी ओटीवर बसून सह्या केल्या. आईचा चष्मा मुंबईलाच राहिला होता, म्हणून प्रत्येक पानावर सहीची जागा दादाच दाखवत होता. मी चहा गाळत होते. पुढच्या तारखेला न्यायाधीशांनी विचारलं, मजकूर समजला का, स्वखुशीने सही केलीत का. आम्ही दोघी "हो साहेब" म्हणालो. आज दादाचा वकील त्याच "हो"वर बोट ठेवतो.

पाच महिन्यांनी वाडीतल्या काकूंचा फोन आला. "अगो, तुमच्या सड्यावर जेसीबी लागलाय, ठाऊक आहे का?"

सडा म्हणजे डोंगरावरचा कातळमाळ, गवत आणि कवळ (भाजावळीचा पाला) एवढ्यापुरती वरकस जमीन. सातबाऱ्यावर मोठ्या काकांचं नाव, तेही एकत्र कुटुंबाचे कर्ते म्हणून, जमीन आजोबांची. बाबांनी दावा लावताना ती घातलीच नाही, कारण तेव्हा तिला कोण विचारत होतं! पुढे हायवे रुंद झाला आणि त्या कातळालाही भाव आला. दादाने सौदा आधीच ठरवला होता, त्याला फक्त आमचा हक्क पुसायचा होता.

तो पुसला चौथ्या पानावर, कलम नऊमध्ये: "दाव्यात नमूद नसलेल्या अन्य कोणत्याही मिळकतीत वादींचा हक्क वा हितसंबंध राहिलेला नाही." विहिरीच्या पंपाचं वीजबिल आणि पायवाटेचं कलम यांच्या मधोमध बसवलेलं एक वाक्य. वादी म्हणजे आम्ही. आमच्या वकिलाला दिसलं नाही की त्याने पाहिलं नाही, मला अजून ठरवता येत नाही.

नवीन वकील गाठला. मला वाटत होतं फसवणुकीचा नवा दावा लावायचा. तो म्हणाला, तसं चालत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश 23, नियम 3-अ आहे: तडजोड बेकायदेशीर म्हणून हुकूमनामा (तिच्यावरून झालेला कोर्टाचा निकाल) रद्द करायला वेगळा दावा लावता येत नाही. संमतीच्या हुकूमनाम्यावर कलम 96(3) प्रमाणे अपीलही नाही. त्याच कोर्टात अर्ज करायचा आणि फसवणूक आपण सिद्ध करायची. हेच लोकअदालतीत मिटलं असतं तर थेट हायकोर्टात रिट करावी लागली असती, म्हणजे त्यातल्या त्यात नशीब!

त्याने एक धागा मात्र शोधला. नोंदणी कायद्याच्या कलम 17 प्रमाणे कोर्टाच्या हुकूमनाम्याला नोंदणी लागत नाही, पण तडजोडीत दाव्याबाहेरची स्थावर मिळकत ओढली असेल तर ती सूट मिळत नाही. आमचं तडजोडपत्र नोंदवलेलं नाही. सगळी मदार आता त्यावर आहे.

गावाकडे अशी सही करायला जाणाऱ्यांना सांगते, आपल्या नावाचे उतारे काढून थांबू नका. मी काकांच्या खात्याचा 8अ, म्हणजे त्यांच्या नावच्या सगळ्या जमिनींची यादी, काढला असता तर सडा एका ओळीत दिसला असता. डिजिटल सहीचा सातबारा घरबसल्या 15 रुपयांत मिळतो. आम्ही एसटीवर हजारो घालवले. आणि कागद ओटीवर वाचू नका, मुंबईला घेऊन या. "आत्ताच करून टाकू" म्हणणाऱ्याला घाई कसली आहे, ते आधी विचारा.

अर्जावर अजून तारखाच पडताहेत. सड्याला चिऱ्याचा गडगा घालून झालाय, फाटकाला कुलूप आहे.